ढगाखालचं तळं

मंगळवार, ऑक्टोबरअखेर. मिसिसागा, कॅनडा.

उत्तरेकडच्या एका नदीचा आणि तिच्या काठच्या तळ्यांचा नकाशा मी सात वर्षं अपडेट करतोय, इथे घरी कॉन्डोत बसून, सॅटेलाइटच्या फोटोंवरून. नदी एकदाही पाहिलेली नाही. फोटोत एखाद्या तळ्यावर ढग आला की मागच्या वर्षीचं निळं तसंच ठेवायचं, ही ऑफिसची पद्धत. तिसऱ्या तळ्यावर सलग दोन उन्हाळे ढग होता. मी दोन्ही वेळा निळं ठेवलं. शंका यायला नको होती?

आज तिथल्या गावातल्या एका म्हाताऱ्या बाईंचा फोन आला. गेल्या महिन्यात बहिणीला सोबत आणि मासे धरायची जाळी घेऊन त्या तिसऱ्या तळ्यापर्यंत दिवसभर होडी वल्हवत गेल्या, तर तळं नव्हतंच. खालची गोठलेली जमीन वितळली, काठ फुटला, पाणी नदीत वाहून गेलं. नुसता चिखल.

मी सॉरी म्हणालो. त्या चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. म्हणाल्या, "लोक सांगत होते, तळं गेलं म्हणून. पण तुमच्या नकाशात होतं ना, म्हटलं, असेल."

असेल! माझ्या त्या निळ्यावर विसंबून.

संध्याकाळी ते तळं पुसलं. त्याच्या वरच्या दोन तळ्यांवर यंदा ढग आहेत. काय करणार? निळंच ठेवलंय.