मखमल उलटी लावायची

आई, काल तुझा पडदा मी पहिल्यांदा समोरून पाहिला. तुझा म्हणजे मी शिवलेला, पण त्याला माझा म्हणायला जीभ वळत नाही.

तू ज्या जादूगारकाकांचे पडदे शिवायचीस, त्यांची लेक आता खेळ करते. मुलगी गायब करायचा काकांचा खेळ तिनं जपलाय. जुन्या काळ्या मखमलीची पार चाळण झाली, म्हणून तिनं नवी आणली आणि मी उधन्याच्या आपल्या त्याच खोलीत ती शिवली. तालमीला दिवे लागले नि विंगेतूनच मला दिसलं. पडदा चकाकत होता. गायब व्हायची ती मुलगी झोपाळ्यावरून उतरते, त्याच कापडाचा अंगरखा डोक्यावरून ओढून पडद्यापुढंच उभी राहते, काळ्यात काळं मिसळतं, एवढीच तर सगळी करामत. इथं तिची अख्खी आकृती दिसत होती. दुसऱ्या दिवशी खेळ. काकांची लेक खाली बघत म्हणाली, "मावशी, रहेवा दो, राहू द्या. पप्पांचा हा खेळ आता बंदच करू."

पडदा घरी आणून मांडीवर घेतला आणि तुला जाऊन इतकी वर्षं झाली तरी तू समोर दिसलीस. कारखान्यात बॉबिनी भरून येतेस, स्टोव्हवर चहा ठेवतेस आणि मखमल गालाला लावून डोळे मिटतेस. मला वाटायचं, कापडाचे लाड चाललेत. एकदा मी हात फिरवून मऊ आहे म्हटलं, तर केवढं फटकारलंस. "घट्टे पडलेत आपल्या हाताला, त्याला काय कळतंय? गाल लाव. वरून खाली घासला की टोचलं पाहिजे." साऱ्या जगाची मखमल वरून खाली गुळगुळीत, तुझी मुद्दाम उलटी. लव वर तोंड करून उभी राहते आणि पडेल तो उजेड पिऊन टाकते. हे तुला कुणी गं शिकवलं? शाळा तर तू बाहेरूनच पाहिलीस.

शिवताना मी नुसता हातच फिरवला होता. आता गाल लावला. गुळगुळीत. मग पडदा उसवून खालचं वर केलं, अंगरखाही नव्यानं बेतला.

काल काकांच्या लेकीनं मला हट्टानं समोर बसवलं. तू कधी बसली नाहीस, विंगेत सुईदोरा घेऊन उभी असायचीस. झोपाळ्यावरची मुलगी गेली. ती कुठं उभी आहे हे मला नाही तर कुणाला ठाऊक? तिथंच डोळे रोखले. काही नाही. विहिरीत वाकून बघावं तसं नुसतं खोल खोल. शेजारची बाई माझं मनगट धरून म्हणाली, "क्यां गई?" मी म्हटलं, मला काय माहीत, बाई.

हे पत्र पडद्याच्या खालच्या दुमडीत शिवणार होते. पण कागद वाजेल, आणि तुला विंगेत बांगडीसुद्धा वाजलेली चालायची नाही. तेव्हा राहू दे सुयांच्या डब्यात. एक मात्र सांगते. मुलगी परत झोपाळ्यावर आली, टाळ्या पडल्या, तरी मी त्या काळ्याकडंच बघत बसले होते. वाटत होतं, आत अजून कुणीतरी उभं आहे.