रविवारचा समुद्रफेस

प्रिय टिकले,

वहीत घडी घातलेला कागद पाहून दचकू नकोस. तिन्ही गोगलगायी जिवंत आहेत, हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं शांतपणे वाचशील. रविवारी आल्याआल्या तू पायातले बूटही न काढता टाकीपाशी जातेस आणि आधी ही वही उघडतेस, म्हणून पत्र इथेच ठेवलं. खरं तर तोंडानेच सांगायचं होतं. पण तू समोर आलीस की मी 'आता सांगतो, आता सांगतो' करत तुला वाढत राहीन आणि तू जेवून जाशीलसुद्धा.

आधी तिघांच्या बातम्या. मामंजी मजेत आहेत. सोमवारी काकडीची चकती टाकली, तर सासरेबुवांच्या थाटात सावकाश आले, सगळा गर खाल्ला आणि सालीची बांगडी तेवढी मागे ठेवली. पोस्टमनची काचेवरून वर-खाली चक्कर चालू आहे. टपाल कुणाचं आणतो देव जाणे. मंगळवारी मटारचे दोन दाणे सोलून दिले, उरलेलं दुसऱ्या दिवशी न विसरता काढलं. शेंडेफळाचं मात्र जरा वेगळं आहे, ते पुढे लिहितो.

टाकी आणली तेव्हा तू नऊ वर्षांची होतीस, आणि आई आणि मी वेगळे राहायला लागून तीनच महिने झाले होते. आईच्या घरी पाण्याच्या टाकीला जागा नव्हती, म्हणून टाकी माझ्याकडे राहिली. खोटं कशाला बोलू, मला त्याचा फार आनंद झाला. बाप म्हणून तू रविवारी आली असतीसच, पण गोगलगायी होत्या म्हणून पळत यायचीस. तू कागदावर तक्ता करून दिलास, कुठल्या वारी काय द्यायचं त्याचा, आणि मी तो माझ्या इस्पितळाच्या मुदपाकखान्यातल्यासारखा भिंतीला चिकटवला. वीस वर्षं मी रोग्यांचं पथ्याचं रांधतोय. रोज दोनशे ताटं. निळी चिठ्ठी म्हणजे बिनमीठ, पिवळी म्हणजे गोड वर्ज्य, पांढरी म्हणजे मऊ. तीन गोगलगायींचं ते काय, असं मला वाटलं.

आणि मग मी त्यांना पांढऱ्या चिठ्ठीवर टाकलं, आठवतं? गाजर शिजवून, सोलून, घोटून, चाळणीतून काढून दिलं. संध्याकाळपर्यंत टाकीचं सूप झालं. तू कमरेवर हात ठेवून मला समजावलंस की बाबा, त्या आजारी नाहीत, त्यांच्या जिभेला दात असतात, त्यांना खरवडायला काहीतरी लागतं, नुसतं दोन मिनिटं उकळ आणि टाक. अंड्याच्या कवचाचंही तसंच. कवच धुऊन, वाळवून, कुटून दे म्हणालीस. पण आमच्याकडे ताटात कवचाचा एक कण सापडला तर मुख्य डॉक्टरांपर्यंत तक्रार जाते. माझा हात काही वळेना. मी ते वस्त्रगाळ करून द्यायचो. ते सगळं पाण्यावर तरंगत फिल्टरमध्ये जाऊन बसायचं, त्यांच्या पोटात कणभर जात नव्हतं. हे मला तेव्हा माहीत नव्हतं, एवढी एक सूट मला दे.

आता दातवाल्यांचं लिहितो. तू त्यांना काका म्हणतेस, आई नावाने हाक मारते, मी मनात दातवालेच म्हणतो. दात कोरून पोट भरत नाही असं लोक म्हणतात, या दातांच्या डॉक्टरांचं मात्र चांगलं भरतं. मोठी गाडी, पांढरे बूट, आणि हसले की स्वतःच्या दुकानाची पाटी लावल्यासारखे दात. आईचं आणि त्यांचं लग्न झालं तेव्हा मी शहाण्यासारखा वागलो, असं सगळे म्हणाले. मी शहाणा नव्हतो, मी गप्प होतो. माणूस वाईट असता तर मला किती बरं झालं असतं. पण तुला न्यायला आले की दारातच उभे राहायचे, आत या म्हटलं तरी नको म्हणायचे, माझी चौकशी करायचे. माझ्या पोटात इतकं दुखायचं की वाटायचं, गोगलगाय नि पोटात पाय म्हणतात ती मीच.

मग पाच महिन्यांपूर्वी ते एकदा आत आले. तू सांडलेलं पाणी पुसत होतीस. ते वाकून टाकीत बघत राहिले आणि म्हणाले, शंख पातळ पडलेत, टोकं पांढरी झालीत, यांना कॅल्शियम कमी पडतंय. माझ्या घरात, माझ्या खात्यातली गोष्ट, आणि तीही बरोबर! आणि तू, माझी टिकली, मान वर करून त्यांच्याकडे असं बघत होतीस, जसं पहिल्या वर्षी मी उकळत्या पाण्यातून काकडी हाताने काढली तेव्हा माझ्याकडे बघितलं होतंस. त्या दिवशी ताट धुताना मी एक बशी फोडली. हातातून निसटली म्हणालो. निसटली नव्हती.

पुढच्या रविवारी तू त्यांनी दिलेली पुडी घेऊन आलीस. आत समुद्रफेस, पक्ष्यांच्या पिंजऱ्यात चोच घासायला लावतात तो पांढरा, हलका तुकडा. वर औषधाच्या चिठ्ठीसारखं लिहिलेलं: बोटाएवढा तुकडा सतत पाण्यात असू द्यावा. मला, वीस वर्षं पथ्य सांभाळणाऱ्याला, चिठ्ठी!

टिकले, आता खरं लिहितो. तो समुद्रफेस मी चमच्यांच्या खणात ठेवला आणि दर रविवारी सकाळी तू यायच्या आधी टाकीत टाकायचो. तू गेलीस की बाहेर काढून, पुसून, परत खणात. कमी झालेला दिसावा म्हणून दर आठवड्याला सुरीने थोडा खरवडायचो आणि ती पूड बेसिनमध्ये सोडून द्यायचो. हो, बेसिनमध्ये. टाकीतसुद्धा नाही, इतका मी जळत होतो. तू वहीत लिहायचीस, 'समुद्रफेस छान खातायत', आणि पुढे हसरा चेहरा काढायचीस. मी म्हणायचो, हो तर, आवडलाय त्यांना. ते वाक्य बोलताना मला लाज वाटायची, आणि तू निघताना ते दारात उभे दिसले की ती लाज कुठल्या कुठे जायची.

गेल्या महिन्यात तू विचारलंस की काकांच्या दवाखान्यात, लोक बसतात त्या खोलीत मोठी टाकी घ्यायची म्हणतायत, गोगलगायी तिकडे नेऊ का? 'आमच्या घराच्या खालीच आहे, मला रोज बघता येतील,' असं म्हणालीस. मी म्हटलं, बघू. मग तुला जास्तीचं वाढलं. गोगलगायी गेल्या तर रविवारी तू कशासाठी येशील, हे मला तुला विचारायचं होतं. पण बाराव्या वर्षी मुलीला असलं काही विचारू नये, एवढं मला कळतं.

बुधवारी दुपारी कामावरून आलो तर शेंडेफळ तळाशी पडलेलं. शंखाच्या कडेला नखाएवढी चीर, आणि त्यातून आतलं मऊ अंग दिसत होतं. इस्पितळात एवढे डॉक्टर, पण गोगलगाय कुणाला दाखवू? एकच माणूस डोळ्यांसमोर आला, आणि तो आला याचाही मला राग आला. शेवटी टाकीतलंच पाणी डब्यात घेतलं, त्यात शेंडेफळ ठेवलं आणि दवाखान्यात जाऊन बसलो. एका बाजूला गाल सुजलेल्या आजीबाई, दुसऱ्या बाजूला तारा लावलेला मुलगा, आणि मधे मी, मांडीवर डबा धरून. मदतनीस बाईंनी विचारलं, दुखतंय कुठे? मी डबा उघडून दाखवला. त्या बिचाऱ्या डॉक्टरांना बोलवायला आत गेल्या.

दातवाल्यांनी डोळ्यांवर तो भिंगाचा चष्मा चढवला आणि शेंडेफळाला तळहातावर घेऊन बराच वेळ पाहिलं. जीव वाचेल म्हणाले. शंख कडेने वाढतो, जुना पातळ भाग तसाच राहील, पण खायला नीट मिळालं तर नवीन येईल तो जाड येईल. मग त्यांनी एकच प्रश्न विचारला: "समुद्रफेस खातात ना?"

हो म्हणायला तोंड उघडलं होतं. पण तळहातावरचं ते पोर दिसलं आणि मी सगळं सांगून टाकलं. खण, सुरी, बेसिन, सगळं. त्यांनी ओरडायला हवं होतं. मी त्यांच्या जागी असतो तर ओरडलो असतो, आणि वर आईलाही सांगितलं असतं. ते एवढंच म्हणाले, "तिला मी सांगणार नाही." माझ्या अंगाचा तिळपापड झाला. तुझ्यापासून काहीतरी लपवायचं, आणि तेही या माणसाच्या मेहरबानीने! मी उठायला लागलो, तर ते भिंग काढत, माझ्याकडे न बघता म्हणाले, "तुमच्याकडून आली की रविवारी ती आमच्याकडे जेवत नाही. पोट भरलंय म्हणते. मी दर रविवारी दोन भाज्या करतो. सोमवारी त्याच गरम करून खातो."

काय सांगू, त्या क्षणी मला इतका आनंद झाला की हसू आवरेना. खोकल्यासारखं केलं. आणि मग बघितलं, तर त्यांच्या तोंडावर तेच होतं जे तू गेल्यावर तुझं ताट धुताना माझ्या तोंडावर असतं.

म्हणून हे पत्र. त्यांनी न सांगायचं कबूल केलं, म्हणून मला सांगायलाच हवं होतं. तुझ्याबाबतीत मी कुणाचा मिंधा राहणार नाही, निदान त्यांचा तरी नाही. समुद्रफेस बुधवारपासून टाकीत आहे आणि शेंडेफळ त्याला चिकटून बसलंय. वहीतले ते हसरे चेहरे खोटे होते, तुला खोडायचे असतील तर खोड. रागवायचं असेल तर रागाव. टाकी तिकडे न्यायची असेल तर ने, मी स्वतः उचलून खाली गाडीपर्यंत आणून देईन, काकडी किती जाड चिरायची तेही त्यांना लिहून देईन. फक्त एक मागणं आहे, आणि ते लिहायला मला तीन दिवस लागले. या रविवारपासून माझ्याकडे थोडं कमी जेव. मी वाढलं तरी नको म्हण. पोटात चार घासांची जागा ठेव आणि तिकडे जाऊन त्यांच्या हातचं जेव. दोन्ही भाज्या खा. माझ्याइतक्या चांगल्या नसणारच, पण त्यांना तसं सांगू नकोस. मला सांग.

पातेलं घासत तुझी वाट बघणारा,
तुझाच,
बाबा