कुरवंड्याच्या भिंतीवरचा फोटो

लोणावळे,
माघ वद्य ११, सन १९४४

चिरंजीव अंबाजी यास दादाचा आशीर्वाद. इकडे आम्ही बरे आहोत. तुझ्या वहिनीचा गुडघा धरलाय, पण तोंड चालू आहे, तेव्हा काळजी नाही. धोंडाबाईला मी विचारलंय म्हणून सांग.

तुझ्या ओसरीच्या भिंतीवर माझ्या बजरंगचा फोटो आहे. त्याला किती पैसे पडले असं तू एकदा विचारलंस, तेव्हा मी हसून उडवून लावलं होतं. आज सांगतो. पुण्याच्या फोटोवाल्यानं तीन रुपये घेतले. चौकट गफूर सुताराची, त्याला पडवीपुरती कौलं दिली. आणि एक चहाचा पुडा गेला. तो कोणाला गेला ते खाली येईल. फोटो घेऊन मी स्वतः कुरवंड्याला आलो होतो. सगळ्यांसमोर म्हणालो होतो, "हात कसे मागं बांधलेत बघा, मान कशी ताठ हाय. पलटणीत असं उभं करत्यात." तू फोटो दोन्ही हातांनी धरला होतास.

तुझं पत्र पोचलं. मास्तरांचं अक्षर, पण बोलणं तुझं, मला ऐकूच आलं. सोपानच्या नावाचा धोंडा शिमग्याआधी देवळाजवळ बसवायचा आणि बजरंगनं रजा काढून पलटणीच्या पोशाखात यायचं. "नाईकाच्या हातानं बसला म्हंजी माझ्या पोराला बरं वाटंल," असं तू लिहवलंस. उत्तराला उशीर झाला. दुकानात काम फार होतं असं लिहिणार होतो. काम नव्हतं.

हे पत्र रखमाजी गाडीवानाच्या हाती देतोय. मास्तरांना दाखवू नकोस. तुझ्या लेकीला, मुक्ताला, घरात बसवून वाचायला सांग.

देवळापुढचा गोल धोंडा तुला आठवत असेलच. गावातल्या पोरांनी तो उचलायचा, आणि कुणाचा कुठवर आला त्यावरून वर्षभर त्याला हाक मारायची. माझा गुडघ्यावर थांबला. तू माझ्याहून दोन वर्षांनी लहान, तू तो खांद्यावर घेतलास. आपल्या वडिलांनी तुझ्या पाठीवर थाप मारली आणि माझ्याकडे बघितलं. त्या रात्री आईनं भाकरी आधी तुला वाढली. तिच्या मनात काही नसेल, तू जवळ बसला असशील. पण मी मात्र त्याच साली गाव सोडून लोणावळ्याच्या स्टेशनावर सामान उचलायला आलो. लोक विचारतात, हौशीरामशेट, एवढा धंदा कसा उभा केला. मी म्हणतो, मेहनत आणि कान. कौल बोटानं वाजवावं. चांगलं असेल तर खणखणतं, चीर असेल तर बद्द बोलतं. हे खरंच आहे. पण बंगल्यांवर कौलं चढवताना प्रत्येक ओळीला मी मनात कुरवंड्याकडे बघत होतो, हे कोणाला सांगितलं नाही. तू बैल घेतलेस की मी गाय घेतली. तू पडवी काढलीस की मी माडी काढली. तुला कदाचित माहीतही नसेल की आपली शर्यत चालू होती.

की तुलाही माहीत होतं? सोपान शाळेत नापास झाला तेव्हा तू त्याला काय म्हणालास ते तुमच्या शेजारच्या रतनबाईनं मला सांगितलं होतं: "त्या बजरंगकडं बघ जरा." मी इकडे बजरंगला सांगत होतो, सोपानकडं बघ, एकटा चार माणसांची भातलावणी करतो. दोन्ही पोरं एकमेकांकडे बघत मोठी झाली. यात्रेत भेटली की धड बोलत नसत, हे तू पाहिलं असशील. मला वाटायचं लाजतात.

आता ज्या गोष्टीभोवती मी फिरतोय ती.

बजरंग भरतीला गेला होता, हे खरं. संध्याकाळी परत आला. छाती मापात भरली नाही. उंबऱ्यात बसून म्हणाला, "दादा, त्यांनी फीत लावली आन् पुढच्याला बोलावलं." मी त्याला जवळ घ्यायला हवं होतं. त्याच आठवड्यात तू पेढे घेऊन आलास, सोपानच्या बैलजोडीनं यात्रेतल्या शर्यतीत पहिला नंबर काढला म्हणून. "आन् आमचा बजरंग काय म्हनतोय?" असं तू विचारलंस. साधं विचारलंस. मी पेढा तोंडात टाकला आणि म्हणालो, पलटणीत गेला. तुझं तोंड उतरलेलं मला दिसलं. अंबाजी, पेढा मला फार गोड लागला.

मग मागे फिरता येईना. बजरंगला मी देहूरोडला डेपोत पेट्या उचलायच्या कामाला लावलं आणि गावात तोंड दाखवू नको म्हणून बजावलं. तुझ्याकडे फोटो आला. पुढं सोपानची सोयरीक चांगल्या घरात जुळली, तेव्हा मी पत्रात बजरंगला बढती देऊन नाईक केलं. ते पत्र तू देवळापुढं वाचून घेतलंस आणि सगळ्यांना गूळ वाटलास.

पुढचं तुला ठाऊक नाही. सोपान माझ्याकडे दुकानात आला होता, स्वतः भरती व्हायच्या आधी. मी कौलं निवडत होतो. तो समोर उकिडवा बसला.

"काका, भरतीत काय काय बघत्यात वं?"

"छाती, उंची, दात."

"मला घेतील का?"

"तुला न घ्यायला काय झालं. पण जोडी कोण सांभाळंल? लगीन ठरलंय तुझं."

तो हसला. म्हणाला, "आबा म्हनत्यात, बजरंगचा फोटो भिंतीवर हाय. तुझं काय हाय?"

मी हातातलं कौल वाजवलं. ते चांगलं होतं. दुसरं घेतलं. त्यानं विचारलं, "काका, बजरंगदादाला खरंच नाईक केलंय? न्हाई म्हंजी, दादा कदी सांगत न्हाई काई, चिठ्ठी न्हाई, म्हनून इचारतो."

मी म्हणालो, "व्हय, खरंच."

माझा आवाज बद्द आला. मला ऐकू आला. त्याला आला नाही. त्याला माणसांचे आवाज वाजवून बघायची सवय नव्हती. जाताना पाया पडला. दुकानात आम्ही दोघंच होतो. एक शब्द बोललो असतो तर ते माझ्या घराबाहेर गेलं नसतं, सोपान तसा नव्हता. तरी मी बोललो नाही. कारण तो तुझा होता.

आणखी एक लिहितो, मग थांबतो. इटलीहून तार आली त्या दिवशी पोस्टात मी उभा होतो. कुरवंडे आणि तुझं नाव मला आतून ऐकू आलं. सोपान गेला हे कळायला मला वेळ लागला नाही. पण त्याच्याही आधी मनात एक गोष्ट येऊन गेली. आता अंबाजी माझ्या पुढं गेला, आता यात्रेत सगळे उठून त्याला जागा देतील. अंबाजी, मी तुझ्या पोराच्या मरणाचा हेवा केला. नंतर रडलो, तुझ्या ओसरीत येऊन रडलो, तू माझी पाठ चोळत होतास आणि "दादा, तुमचा तरी सुखरूप राहो" म्हणत होतास. मी मान हलवत होतो.

बजरंगला मी हे सगळं सांगितलं. तो म्हणाला, "तुमी दोघं आमाला कशाला मोजत हुता?" आणि डेपोत निघून गेला. घरी येत नाही. तू म्हणतोस तसा पोशाखातला नाईक आणायचा तर माझ्याकडे पोशाख नाही, नाईक नाही आणि आता बजरंगही नाही.

धोंडा तू बसव. तुझ्या खांद्याला तो झेपतो. मला बोलावू नकोस. फोटो काढून टाक किंवा चुलीत घाल. हे पत्र देवळापुढं वाचलंस तरी माझी हरकत नाही. मागची पत्रं तिथंच वाचली होती. मला माफ कर असं लिहायला घेतलं होतं, पण तू केलंस तर त्यातही तूच मोठा ठरशील, आणि ते मला सोसेल की नाही हे मला अजून सांगता येत नाही. एवढा मी वाया गेलोय.

तुझ्याहून दोन वर्षांनी मोठा, बाकी काही नाही,

हौशीराम

ता. क. चहाचा पुडा डेपोतल्या एका ड्रायव्हरला दिला. खाकी कोट त्याचा होता. बाह्या लांब होत्या, म्हणून फोटोत बजरंगनं हात मागं धरलेत.