धनेशाच्या ढोलीवर माझा पहारा

३ फेब्रुवारी

अभयारण्याने मला पहारेकरी नेमलं. डोंगरावरच्या मोठ्या झाडात धनेशाची ढोली आहे, ती सांभाळायची. मादीने आत बसून दार चिखलाने लिंपून घेतलंय. चोचीपुरती फट. नर फळं आणून भरवतो. तो आला नाही तर मादी आणि पिल्लू, दोघंही उपाशी.

आमच्या अधिकारी वानिदा मॅडम म्हणाल्या, लांबूनच लक्ष ठेवा. लांबून चोर दिसतो का? मी झाडाखालीच बसणार.

संशयित एकच. सामाए, माझा मेहुणा. पूर्वी धनेशाची पिल्लं काढून विकायचा. आता म्हणे सुधारला, अभयारण्यातच कामाला आहे. माणूस इतक्या लवकर सुधारत नाही. मी तीन वर्षं सिगारेट सोडतोय.

५ फेब्रुवारी

झाडाखाली निळी ताडपत्री बांधली. चोराला कळायला हवं, इथे माणूस आहे. रेडिओ मोठ्याने, त्याच कारणासाठी. दुपारी सुकी मासळी भाजली. नर दिसला नाही. माझं जेवण चालू असताना येऊन गेला असणार.

६ फेब्रुवारी

वाटेत सामाए. "दाजी, नर येतो ना?" अगदी सहज विचारलं. इतकं सहज का विचारलं? म्हटलं, सारखा येतो. चोराला खरं कशाला सांगा!

त्याच्या खांद्यावर दोर होता. म्हणाला, म्हशीचा. म्हैस सोबत नव्हती.

८ फेब्रुवारी, सकाळ

नर नाहीच. फटीतून मादीची चोच बाहेर येते, थोडी उघडते, मिटते, आत जाते. डबा अर्धा ठेवला. (नंतर संपवला.)

संध्याकाळ

चहाच्या दुकानात सगळ्यांदेखत सामाएला विचारलं, नर कुठे लपवलास? तो हळूच म्हणाला, "दाजी, नर समोरच्या कड्यावर असतो. तुम्ही कधी उठताय याची वाट बघतो."

सापडला! मी जागा सोडावी, हीच याची इच्छा.

घरी बायकोने, नूरीहानने, नुसता भात वाढला. म्हणाली, "माशाचा रस्सा माझ्या भावाकडचा आहे. चोराचं तुम्हाला कसं चालेल?" मग कोरडा भात जेवलो. रश्श्याचा वास मात्र घरभर.

९ फेब्रुवारी

सापळा लावला. पट्टानीला लग्नाला जातो, असं गावभर सांगितलं. ताडपत्री, रेडिओ, सगळं उचललं. मागच्या वाटेने समोरच्या कड्यावर चढलो आणि झुडपात दबा धरून बसलो.

आला. चोर नाही, नर! सरळ ढोलीवर उतरला. घशातून एकेक फळ काढून फटीत देत राहिला. गेला, परत आला. मी उठलो आणि नेमका हा हजर? मी लग्नाला गेल्याचं याला कोणी कळवलं? म्हणजे पक्षीही सामाएला सामील.

बघायला उभा राहिलो तर मागून आवाज, "दाजी, खाली बसा. दिसाल त्याला."

सामाए. गळ्यात दुर्बीण. मॅडमनी त्याला पहिल्या दिवसापासून इथे बसवलंय. कोणी मला सांगितलं नाही.

"लग्न लवकर आटपलं?" म्हणाला आणि दुर्बीण माझ्या हातात दिली. मी बराच वेळ डोळ्यांना लावून ठेवली. त्याच्याकडे बघावं लागू नये म्हणून.

१२ फेब्रुवारी

माझी बदली फाटकावर. तिथे अनुभवी माणूस हवा होता, असं मॅडम म्हणाल्या. साधारण तसंच म्हणाल्या.

सामाए डोंगरावरून उतरताना थांबला. म्हणाला, मादी ठीक आहे, नर सारखा येतोय. विचारायचं नव्हतं, तरी विचारलं. तो माझ्यामुळे येत नव्हता का रे?

"छे हो दाजी. पक्षीच लाजाळू."

घरी आल्यावर नूरीहानला म्हटलं, तुझा भाऊ तसा चांगला आहे हं. ती भांडी घासत होती. वर न बघता म्हणाली, "मला काय सांगता? त्याला सांगा. चहाच्या दुकानात, सगळ्यांदेखत."

सांगणार आहे. उद्या तिथे फार गर्दी असते. परवा बघू.