आईचा दगड अजून बसला नाही

डोंगरावरची चौकी, धारूर
८ फेब्रुवारी

ति. बबिताताईस, धाकट्या परमेश्वरचा नमस्कार.

पत्र लिहायचं रोज ठरवत होतो आणि रोज कायतरी दुसरंच निघत होतं. इथं रेंज नाही. खरं म्हणजे टेकाड उतरलं की येते. पण फोनवर तू पहिलं तेच विचारशील, म्हणून उतरलोच नाही.

भाऊजी, पोरं बरी असतील. मी परळीच्या वीजकेंद्राच्या राखेच्या गाडीवरचं काम सोडलं. खोकला लई झालता. आमचा ड्रायव्हर इंजिनावर भाकरी गरम करायचा, तिलाही राखेचीच चव. ते असू दे.

मला नोकरी लागलीय. आपला डोंगर अभयारण्य झाला, तर फाटकावर माणूस पाहिजे होता. भटकून भटकून दमलोय ताई. वाटलं, आपल्याच डोंगरात हिंडायचा पगार मिळतोय तर काय वाईट. सकाळी चौकीच्या पत्र्यावर मोर उतरतो, नुसता धिंगाणा घालतो.

आईचा दगड बसला का, म्हणून तू विचारलं होतंस. नाही बसला.

आबा आलते. डोक्यावर गेलेल्या आईच्या नावाचा दगड, मागं मेंढरं. वर आपल्या जुन्या मेंढवाड्यात, आजा-आजीच्या दगडांशेजारी तो ठेवायचा, भोवती मेंढरं फिरवायची, तेव्हा कुठं आई घरी पोचली म्हणायचं. आणि फाटकात खाकी घालून मी उभा. म्हणालो, "आबा, तुमी जावा. मेंढरं आत न्हाई चालत."

"मेंढराबिगर? तुझी आई हितं सहलीला आलती काय बे?"

"साहेब काढून टाकतील मला."

आबा वळले. दगड क्षणभरही खाली टेकवला नाही, तसाच उतारानं घेऊन गेले. मी मागं गेलो नाही. नियमाचं सोड, त्यांच्याकडं बघायची लाज वाटली. तेव्हापासून वर मेंढवाड्याकडं माझीही गस्त होत नाही. त्या बाजूला पायच वळत नाही.

थांब, फाटकाशी मेंढरं ओरडतायत. बघून येतो.

ताई, तू आलीस! आष्टीहून, न कळवता. दगड आता तुझ्या डोक्यावर, मागं मेंढरं, आणि त्यांच्याही मागं आबा, तोंड दुसरीकडं करून. मला म्हणालीस, "पम्या, बाजूला तरी हो, न्हाईतर मेंढरं तरी हाक."

हे पत्र आता कुणाला टाकू? फाटक उघडून आलोय. खाकी शर्ट खुंटीला लावलाय, काठी तेवढी सापडत नाही.

मेंढरांच्या मागनं येतोय,
तुझा पम्या