पांढऱ्या रेघेचा दगड

देवपूर, ४ मे १९७५
नानामामाचा निरोप. धरणाचं पाणी पार खाली गेलंय, आईचं बुडालेलं माहेर उघडं पडलंय. आईनं लगेच पिशवी भरली. कशाला विचारलं, तर म्हणे तूही चल. हे म्हणाले, एवढ्या उन्हात चिखल बघायला? पापड तसेच पडलेत.

५ मे
एस.टी.त आई हळूच म्हणाली, तुझ्याआधी एक मुलगा झाला होता. पहिलं बाळंतपण, माहेरीच. दोन महिन्यांचा होऊन गेला. तान्ह्याला जाळत नाहीत, नदीकाठी चिंचेखाली पुरला. वर मीच काळा दगड ठेवला, पांढऱ्या रेघेचा. तो बघायचाय.
मला भाऊ होता. काय वाटायला हवं तेच कळेना. मग रागच आला. आत्ता सांगायचं?

६ मे
काठावर गेलो. घाटाच्या पायऱ्या, घरांची जोती, एक जातं. सगळ्यावर भेगाळलेला गाळ. आई चिंच म्हणते तिथे मामा चावडी सांगतो. शेवटी चिंचेचा खुंट सापडला. दगड नाही.
"आठेच व्हता," खुंटाशेजारी बोट दाखवत आई म्हणाली. काय ते मामाला सांगितलं नाही. मलाही डोळ्यांनी दटावलं.

७ मे
निघताना मामानं नव्या गावच्या म्हसोबाला नेलं. गाव उठलं तेव्हा देव उचलून आणले, त्यात हाही. चिंचेखाली होता. कायम फुलं असायची, म्हणजे जागृतच, मामा म्हणाला.
फुलं आई ठेवायची. दर माहेरपणाला.
तिनं नखानं शेंदूर खरवडला. खाली पांढरं दिसलं. रेघ, की चुना? मला अजून सांगता येत नाही. मामा तेव्हा शेंबडा पोर, त्याला कोण सांगणार? आता लोक नवस फेडतात. बोललं तर गावाचा देव जातो, न बोललं तर माझा भाऊ. आणि तो तर तिथे गाळातच...
आई मामाला एवढंच म्हणाली, "नाना, हिवायामा बी थंडं पानी टाकतस का त्यानावर? त्याले उनंच पानी लागे."
मामा माझ्याकडे बघत राहिला. मी नजर चुकवली.

देवपूर, २९ जून
काठ पुन्हा बुडाला असेल. आई म्हणते, थंडीत मामाकडे राहायला जाते. त्याला सांगणार का विचारलं, तर पापडांचे डबे लावू लागली.
आज तिनं बोहारणीला यांची चांगली पँट देऊन छोटं पातेलं घेतलं, पाणी तापवायला. मामाकडे काय पातेली नाहीत?