चारोळीचं रोप

मंगळवार, दिवेलागणीला

नगरपालिकेच्या बागेत झाडं जगवण्यात माझी अठरा वर्षं गेली, पण चारोळी तीनदा लावूनही जगली नाही. गेल्या साली तोरणमाळहून कामाला आलेल्या जात्र्याने पहिल्याच झटक्यात ती रुजवली. मग बागेचे साहेब ती दाखवायला शाळेच्या पोरांना घेऊन त्याच्याकडेच गेले आणि मी पाइप धरून उभी. जळो मेली ती चारोळी! किती जळायचं माणसाने?

मागच्या आठवड्यात तो गावी निघाला. जाताना म्हणाला, "ताई, चारोळीले पानी टाकज्यात." पानं आधीच पिवळी पडत होती. मी आठवडाभर थेंबही घातला नाही. म्हटलं, मरू दे.

आज तो परत आला आणि बघते तर चारोळीला कोवळा फुटवा. जात्र्याने माती उकरून पाहिली. साहेबांसमोरच म्हणाला, "बरं करं ताई, तुम्ही पानी कमी टाकं. मन्हंच जास्त व्हई जायेल व्हतं." म्हणजे पानं पिवळी पडत होती ती त्याच्याच जास्त पाण्याने.

साहेब म्हणाले, "शेवटी अनुभव तो अनुभव."

हेच ऐकायला मी इतकी वर्षं तरसले होते. खरं सांगायला हवं होतं ना? मी नुसतं "हो साहेब" म्हटलं. जात्र्या माझ्याकडे बघून मनापासून हसला. मला त्या हसण्याचाही हेवा वाटला.